स्टेजवरचं नाव वेगळं, घरचं वेगळं: जपान-कोरिया-चीनचं काय बघू? (सल्ला हवाय)

अबोली_सांगली
मंडळी, दिवाळीच्या सुट्टीसाठी सल्ला हवाय. झालं असं की लेक (नववीत आहे) आणि मी मिळून '१०० डेज माय प्रिन्स' ही कोरियन सिरियल बघत होतो. हिरोचं नाव मी वाचलं दो क्यंगसू, तर ती म्हणे आई हा एक्सो बँडचा गायक डी.ओ. आहे. मी म्हटलं अगं पण इथे तर वेगळंच लिहिलंय. तिने माझ्याकडे असं बघितलं जसं काही मी विचारलं की विठोबाला पांडुरंग का म्हणतात. गाताना डी.ओ. आणि अॅक्टिंग करताना खरं नाव, एवढं पण माहीत नाही तुला!
मग तिने यादीच सुरू केली. ह्युन बिन मुळात किम थे-प्यंग, गाँग यू मुळात गाँग जी-चल, त्यातलं गाँग हे वडलांचं आडनाव आणि यू हे आईचं. हे शेवटचं मला फार आवडलं.
तर नुसती 'स्टार्सची खरी नावं' टाइप यादी नकोय, ती घरात पाठ आहे. नाव ठेवतं कोण, का बदलतात, माणूस कंपनी सोडून गेला की नावाचं काय होतं, असं कळेल असं काही बघायला नाहीतर वाचायला सुचवा. लेकीबरोबर बघता आलं तर उत्तम, नाहीतर मी एकटी बघेन. इंग्रजी सबटायटल चालतील.

रात्रपाळी
कोरियन शिकतेय दोन वर्षं म्हणून आगाऊपणा करते. स्टेजनावाला ते येम्यंग म्हणतात आणि खऱ्याला बोनम्यंग. २०१५ च्या जनगणनेत किम आडनावाचे २१.५ टक्के लोक होते, किम, ली, पार्क हे तिघं मिळून जवळपास ४५ टक्के! म्हणजे विचार कर, आपल्याकडे निम्मा वर्ग जोशी-कुलकर्णी-पाटील असता तर हजेरीला काय झालं असतं. त्यामुळे लक्षात राहील असं नाव घेणं ही आधी सोय आहे. त्यात गमती पण असतात. जी-ड्रॅगन म्हणजे क्वॉन जी-याँग, त्यातला जी तसाच ठेवला आणि याँग म्हणजे ड्रॅगन, झालं नाव तयार. बीटीएसचा सुगा हे तर बास्केटबॉलच्या शूटिंग गार्डवरून आलंय. आरएम आधी रॅप मॉन्स्टर होता, २०१७ मध्ये म्हणाला आता फक्त आरएम म्हणा.
पण तू विचारतेस ती खरी भानगड ग्रुपच्या नावात आहे कारण ते नाव बऱ्याचदा कंपनीच्या मालकीचं असतं. शिनह्वा हा ग्रुप १९९८ चा, मेंबर तेच, गाणी तीच, पण स्वतःचंच नाव पूर्णपणे स्वतःचं व्हायला २०१५ उजाडलं, तेही कोर्टकचेऱ्या करून. बीस्ट नावाचा ग्रुप कंपनीतून बाहेर पडला तर २०१७ ला हायलाइट या नावाने परत सुरुवात करावी लागली. आणि टीव्हीएक्सक्यू नावाच्या ग्रुपमधून तिघं फुटले त्यांनी जेजुंग, यूचन, जुनसू यांची आद्याक्षरं जोडून जेवायजे केलं. यावर बघण्यासारखं एकच एक काही माझ्याकडे नाही, लेकीलाच बसवून विचार, तासभर बोलेल.

तिखटजाळ
यात नवीन काय आहे? युसूफ खानचा दिलीपकुमार झालाच की आपल्याकडे. उगाच परदेशातलं म्हणून कौतुक.

ओसाकारिटर्न
तिखटजाळ, फरक आहे. दिलीपकुमार गेले, नाव त्यांच्याबरोबर संपलं, कुणी 'दिलीपकुमार दुसरे' झालं नाही. काबुकीत, म्हणजे जपानच्या जुन्या पारंपरिक नाटकात, नेमकं तेच होतं, नाव आधीपासून असतं आणि माणूस मागून येऊन त्यात बसतो.
मी चार वर्षं ओसाकाला होतो कामासाठी. एकदा तोक्योला गेलो तेव्हा ऑफिसातल्या एका काकूंनी सांगितलं की काबुकी-झा थिएटरात चौथ्या मजल्यावर एकाच अंकाचं स्वस्त तिकीट मिळतं. गेलो. वरून मुंड्याच मुंड्या दिसतात, नट ज्या वाटेने प्रेक्षकांतून येतो ती हानामिची जेमतेम टोकाला दिसते, शब्द एक कळत नव्हता. नटाने पाऊल आपटून पोझ धरली आणि माझ्या मागून एक आजोबा खच्चून ओरडले "ओतोवाया!" मी अक्षरशः उडालो, मला वाटलं भांडण झालं. नंतर कळलं की ते घराण्याचं नाव. नटाचं नाव घेऊन नाही ओरडत, घराण्याच्या नावाने ओरडतात, तेही बरोब्बर त्या अर्ध्या सेकंदात. उशीर झाला तर बाकीचे मागे वळून बघतात.
सगळ्यात मोठं नाव इचिकावा दांजूरो. नववे दांजूरो १९०३ ला वारले, त्यानंतर हयात माणसाने ते नाव घेतलं थेट १९६२ ला. साठ वर्षं नाव रिकामं! (मधल्या एकाला मेल्यानंतर दहावे केलं, तो वेगळाच किस्सा.) बारावे गेले २०१३ मध्ये, तेरावे व्हायचे होते मे २०२० ला पण कोरोना आला आणि समारंभ नोव्हेंबर २०२२ ला झाला. तोवर ते एबिझो होते, म्हणजे तेही वारशातलंच नाव, नवीन नाव घेतलं की जुनं परत कपाटात, पुढच्यासाठी. या समारंभाला शूमेइ म्हणतात. आणि २०२५ मध्ये अजून मजा झाली, ओनोए किकुगोरो आठवे झाले पण वडील सातवे, त्यांनी नाव सोडलंच नाही, म्हणजे एकाच वेळी दोन किकुगोरो.
बघायला: 'कोकुहो', २०२५ चा. याकुझाच्या, म्हणजे जपानी गुंड टोळीवाल्याच्या, घरातला पोरका मुलगा काबुकीवाल्याच्या घरी वाढतो, गुरू त्याला नाव देतो, आणि त्या घरात सख्खा मुलगा पण आहे. मग मोठं नाव कुणाला द्यायचं तर गुरू...

रात्रपाळी
स्पॉयलर!!! अरे मी बघायचाय अजून

ओसाकारिटर्न
सॉरी सॉरी. थांबलो. जवळजवळ तीन तासांचा आहे, पाणी घेऊन बसा.

नाट्यवेडा_काका
अबोली, हा धागा वाचून राहवलं नाही. नारायण श्रीपाद राजहंस या मुलाचं गाणं ऐकून लोकमान्य त्याला बालगंधर्व म्हणाले आणि मग उभ्या महाराष्ट्राने ते नाव उचललं, ही गोष्ट आपल्याला आजोबांच्या मांडीवर मिळते. त्याच काळात तिकडे पेकिंगमध्ये मेई लानफांग चिनी ऑपेरात स्त्रीभूमिका करत होते, जन्म १८९४, पाळण्यातलं नाव मेई लान. १९२४ ला रवींद्रनाथ चीनला गेले तेव्हा दोघांची भेट झाली होती. जपान्यांच्या ताब्यातल्या काळात मेईंनी स्टेज सोडलं आणि मिशा वाढवल्या. स्त्रीभूमिका करणाऱ्याने मिशा वाढवणं म्हणजे काय ते आपल्या संगीत नाटकवाल्यांना वेगळं सांगायला नको.
त्या जगावरचा चित्रपट म्हणजे 'फेअरवेल माय कॉन्क्युबाइन', १९९३, कान महोत्सवात पाम दोर हे सर्वोच्च पारितोषिक मिळालेला. त्यात दोन पोरं, त्यांना आखाड्यात दोउझी आणि शितोउ म्हणतात, म्हणजे 'दाणा' आणि 'दगड' अशी हाकेची नावं, आणि मोठे नट झाल्यावर ते दिएयी आणि श्याओलोउ होतात. गंमत बघ, जिथे जीव तुटतो तिथे ते एकमेकांना कुठल्या नावाने हाक मारतात त्याकडे लक्ष ठेव. मात्र नववीतल्या मुलीबरोबर नको. मारहाण आहे आणि बरंच काही आहे. तू एकटीने बघ.
लेकीसाठी 'पेंटेड फेसेस', १९८८, हाँगकाँगचा. जॅकी चॅन ज्या ऑपेरा शाळेत वाढला तिची गोष्ट. गुरू यू जिम-युएन, त्यांच्या नावातलं युएन शिष्यांच्या नावात यायचं, म्हणून युएन बियाओ, युएन वाह, ही सख्खी भावंडं वाटतात पण नाहीत. जॅकी तेव्हा युएन लो होता. सॅमो हंग त्याच शाळेतला आणि सिनेमात गुरूची भूमिका त्यानेच केलीय! छडी यातही आहे पण घरात बसून बघण्यासारखा आहे. बाकी जॅकीचं म्हणशील तर जन्मनाव चान काँग-सांग, म्हणजे हाँगकाँगात जन्मलेला, आणि पडद्यावर सिंग लुंग, ड्रॅगन झालेला. जॅकी हे ऑस्ट्रेलियात बांधकामावर काम करताना मिळालं, तिथल्या एका कामगाराचं नाव जॅक म्हणून हा छोटा जॅक. आणि चान आडनाव पण मुळातलं नाही, घराणं फाँग, मुलाच्या चिनी नावात ते परत आलंय.

खिडकीपाशी
वाचणार असशील तर एकच नाव सांगते, ली श्यांगलान. काका आणि इतरांनी गुरूने दिलेलं नाव सांगितलं, हे सरकारी खात्याला सोयीचं ठरलेलं नाव.
मुलगी जपानी, यामागुची योशिको, जन्म १९२०, मांचुरियात वाढलेली, चिनी अस्खलित. वडलांच्या चिनी मित्राने मानसकन्या म्हणून हे नाव दिलं होतं, घरगुती प्रेमाने. पुढे मांचुकुओच्या, म्हणजे जपान्यांनी मांचुरियात उभ्या केलेल्या बाहुल्या राज्याच्या, फिल्म कंपनीने तेच नाव लावून तिला चिनी नटी म्हणून उभं केलं, आणि ती पडद्यावर जपानी पुरुषाच्या प्रेमात पडणारी चिनी मुलगी झाली, प्रचाराला अजून काय पाहिजे. युद्ध संपलं आणि चिन्यांनी देशद्रोही म्हणून पकडलं, चिनी असून जपान्यांसाठी काम केलं म्हणून. सुटायचं कसं, तर आपण चिनी नाहीच हे सिद्ध करून. तिच्या लहानपणीच्या रशियन मैत्रिणीने, ल्युबाने, जपानी बाहुलीच्या आत लपवून घराण्याच्या नोंदवहीचा उतारा आणून दिला. त्या कागदावरच्या यामागुची योशिकोने तिला वाचवलं. मला वाचताना त्या बाहुलीपाशी थांबावं लागलं होतं, चहा गार झाला.
नंतर कुरोसावाच्या १९५० च्या 'स्कँडल'मध्ये ती यामागुची योशिको, हॉलिवूडमध्ये शर्ली यामागुची, हाँगकाँगच्या सिनेमात परत ली श्यांगलान, आणि १९७४ पासून जपानच्या संसदेत ओताका योशिको, नवऱ्याचं आडनाव. आत्मचरित्र इंग्रजीत 'फ्रेग्रंट ऑर्किड' म्हणून मिळतं, श्यांगलानचा अर्थच सुगंधी ऑर्किड. जाड आहे पण भराभर जातं.

अबोली_सांगली
आईच्या अकाउंटवरून मी लिहितेय, तिला माहितीये. सगळे जुनंच सांगताय म्हणून. जपानी गायिका आदो कुणी का नाही सांगितली? तिने कितीतरी वर्षं चेहराच दाखवला नाही, शोमध्ये पण फक्त सावली दिसायची, आणि आदो हे नाव क्योगेन नावाच्या जुन्या नाटकप्रकारातून घेतलंय, त्यात मेन पात्र शिते आणि त्याच्या जोडीचं दुय्यम ते आदो. म्हणजे जगभर टूर करणारी मुलगी स्वतःला साइड रोल म्हणते. आणि दुसरी नॉन, जपानी नटी. तिचं खरं नाव नोउनेन रेना, त्याच नावाने २०१३ मध्ये 'आमाचान' सिरियलमुळे फेमस झाली, मग जुन्या एजन्सीशी वाद झाला आणि २०१६ पासून ती नॉन झाली. खरं नाव होतं ते! आईबाबांनी ठेवलेलं! त्याच वर्षी आलेल्या 'इन धिस कॉर्नर ऑफ द वर्ल्ड' या अॅनिमे सिनेमात तिचा आवाज आहे, तो मी तीनदा बघितलाय आणि तीनदा रडलेय. बाय.

तिखटजाळ
हे मात्र अजब आहे. स्वतःचं नाव लावता येईना?

ओसाकारिटर्न
बघा, आलात ना लायनीवर. अबोली, लेकीला शाबासकी सांग. तिच्याबरोबर बघायला 'शोवा गेनरोकू राकुगो शिंजू' अॅनिमे घे, आधी १३ भाग मग १२. राकुगो म्हणजे एक माणूस गादीवर बसून सगळी पात्रं करतो. तुरुंगातून सुटलेला पोरगा थेट याकुमो नावाच्या बुवांच्या दारात, शिष्य करा म्हणून. हे याकुमो म्हणजे आठवे, आणि हे नाव त्यांच्याकडे कसं आलं हीच सगळी गोष्ट. काही भाग मोठ्यांचे आहेत, तू आधी चाळून घे. 'परफेक्ट ब्लू' पण कुणीतरी सुचवेलच, पॉप ग्रुपमधली आयडॉल गाणं सोडून नटी होते आणि आपण नक्की कोण हेच तिला कळेनासं होतं, भारी आहे पण लेकीला अजिबात नको.

अबोली_सांगली
आता मी, आई. सगळ्यांचे आभार, इतकं मिळेल वाटलं नव्हतं. ठरवलंय असं: आधी राकुगोवालं दोघी मिळून, मग 'पेंटेड फेसेस', काकांचा 'फेअरवेल माय कॉन्क्युबाइन' आणि कोकुहो मी रात्री एकटी, आणि ऑर्किडचं पुस्तक मागवलं.
काल राकुगोचा पहिला भाग बघितला. आज सकाळपासून लेक मला योतारो म्हणतेय. अर्थ विचारला तर हसते.

तिखटजाळ
योतारो म्हणजे राकुगोतला ठरलेला बावळट, आपल्या जोकमधला बंड्या. त्या पोराला गुरू तेच नाव ठेवतो.

रात्रपाळी
तुम्ही बघताय??

तिखटजाळ
चार भाग झाले. रात्री झोप येत नव्हती म्हणून.