सूर्यनमस्कार, पतंजली आणि आपलं औंध

सूर्यनमस्कार पतंजलींनी सांगितले, असं वर एकांनी लिहिलंय, म्हणून थोडी भर घालतो. पतंजलींच्या योगसूत्रांत थेट आसनाविषयी जेमतेम तीन सूत्रं आहेत, दुसऱ्या पादातली (म्हणजे प्रकरणातली) ४६ ते ४८. 'स्थिरसुखमासनम्' हे त्यातलंच. नमस्कारांचा तिथे उल्लेख नाही, हठप्रदीपिका या हठयोगावरच्या जुन्या ग्रंथातही नाही. सूर्याला नमस्कार घालण्याची उपासना जुनीच. समर्थांच्या नमस्कारांच्या गोष्टी आपण लहानपणापासून ऐकतो. पण व्यायाम म्हणून ते शाळाशाळांत नेले ते आपल्या सातारा जिल्ह्यातल्या औंधच्या राजांनी. १९०९ साली गादीवर आलेले भवानराव पंतप्रतिनिधी स्वतः रोज नमस्कार घालत आणि संस्थानातल्या शाळांतही त्यांनी ते सुरू केले. त्यांचं नमस्कारांवरचं इंग्रजी पुस्तक १९३८ साली लंडनहून निघालं. एवढं मोठं काम, आणि जिल्ह्याबाहेर फारसं कुणाला ठाऊक नसतं, याचं मला फार वाईट वाटतं.

मंत्रांचं विचाराल तर 'मित्राय नमः' पासून 'भास्कराय नमः' पर्यंत १२ नावं. नाव पूर्ण उच्चारायचं, मगच खाली जायचं. साष्टांगात कपाळ, छाती, दोन्ही तळहात, दोन्ही गुडघे आणि दोन्ही पायांची बोटं टेकतात. पोट मात्र अधांतरी. रथसप्तमीला मैदानावर शिट्टीच्या तालावर भराभर घालून घेतात तेव्हा नेमकं हेच सुटतं, पोरं थेट पोटावर पडतात. चार कमी घाला, पण पोट उचललेलं हवं. मणक्याचा त्रास असेल त्यांनी आधी डॉक्टरांना विचारावं.

औंधला गेलात तर यमाईच्या डोंगरावरचं भवानी संग्रहालयही बघा, तेही भवानरावांनीच उभारलंय.