लिजिया क्लार्कची कोणती कृती करून घेऊ? (२५ जण, ८०० रुपये)

मृण्मयी_२
कला मंडळात ब्राझीलच्या लिजिया क्लार्कवर (१९२०–१९८८) दीड तासाचं सत्र आहे. चित्रं, शिल्पं, अंगावर घालायच्या वस्तू आणि शेवटी उपचार, हा प्रवास नुसत्या स्लाइड दाखवून पोचत नाही. हाताने करण्याजोगी एकच कृती सुचवा. बजेट एकूण ८००.

पत्रेवाला
बिशू (म्हणजे प्राणी) करा, दुसरं काही नको. बिजागऱ्यांवर हाताने दुमडायच्या पत्र्याच्या शिल्पांची तिची मालिका, १९६० पासूनची. १ मिमी अ‍ॅल्युमिनियमचा पत्रा, पियानो बिजागरी, ३.२ मिमी पॉप रिव्हेट. कडांवर कानस फिरवाच, बोटं कापतात. बिजागरी जराही तिरकी बसली की घडी अर्ध्यात अडकते. नग ६०० ला पडेल.

कात्रीबहाद्दर
६०० गुणिले २५ करून बघा की राव! तिचं 'कामिन्यांदू' (म्हणजे चालत जाणं, १९६३) घ्या. ५ सेंमी रुंद, ९० सेंमी लांब कागदी पट्टी, एका टोकाला अर्धा पीळ, टोकं फेव्हिकॉलने जोडा. सेलोटेप नको, कात्रीला चिकटतो. मध्ये भोक पाडून लांबीच्या दिशेने कापत जायचं. फेरी पूर्ण होऊन भोकाशी आलात की डावी किंवा उजवी बाजू धरायची. तिथे चुकून जुन्या कापात शिरलात तर एकच लांब कडं हातात येतं आणि खेळ खलास. बाजू निवडणं हीच तर कृती आहे! वर्तमानपत्र फाटतं, साधा झेरॉक्सचा कागद जोडून घ्या.

निळी_शाई
बिशूला +१. पुठ्ठ्याचाही होतो. २ मिमी पुठ्ठा, दोन तुकड्यांत ४ मिमी फट, दोन्ही बाजूंनी कापडी बाइंडिंग टेप. फट सोडली नाही तर एकाच अंगाला वळतो.

सांबाप्रेमी
तिच्याच काळातल्या ब्राझीलच्या हेलिओ ऑइटिसिकाचे पारांगोले (अंगावर घालायचे झगे) का नाही? जुन्या चादरी, गोणपाट, फुकटात काम. पण घालून नाचलं पाहिजे, नुसतं उभं राहिलं तर झूल दिसते. १९६५ मध्ये रिओच्या आधुनिक कला संग्रहालयाने पारांगोले घालून आलेल्या मांगेरा वस्तीतल्या सांबा नर्तकांना आत घेतलं नव्हतं, हेही सांगा.

कात्रीबहाद्दर
धागा क्लार्कचा आहे.

वाळूघड्याळ
'उपचार' शब्द जपून वापरा. १९७२ पासून पॅरिसच्या सॉर्बॉन विद्यापीठात क्लार्क विद्यार्थ्यांबरोबर गटाने प्रयोग करायची. एकेका माणसाला निजवून अंगावर वस्तू ठेवणं हे रिओला परतल्यावर, १९७६ पासून. दीड तासात ते करू नका, कोणी रडलं तर सांभाळणार कोण? १९६६ चं 'दगड आणि हवा' त्यातल्या त्यात निरुपद्रवी आहे, पण पाच मिनिटांत संपतं.

निळी_शाई
कामिन्यांदूला सेलोटेप नको हं.

कात्रीबहाद्दर
वर तेच लिहिलंय.

मृण्मयी_२
आभार. 'दगड आणि हवा' ठरलं. पातळ पॉलिथिन पिशवी, हवा पाऊण, तोंडाला रबरबँड. वर आलेल्या कोपऱ्यावर गोटा ठेवून दोन्ही तळव्यांनी दाबलं की तो वरखाली होतो, श्वास चालल्यासारखा. करून पाहिलं: गच्च फुगवली तर गोटा घरंगळतो, खरबरीत दगडाने पिशवी फाटते. नदीतला गुळगुळीत, लिंबाएवढा गोटा बरा. सगळं मिळून १२० रुपये.

पत्रेवाला
उरलेल्या ६८० मध्ये एक बिशू होतो. बघा.