शूमाखर म्हणजे जोडे शिवणारा, मग युरोपातही जात होती का?

कट्टेकरी (धागाकर्ता)

आमच्या मामेभावंडांच्या ग्रुपवर परवा एक यादी आली. फेरारी म्हणजे लोहार, शूमाखर म्हणजे जोडे शिवणारा, थॅचर म्हणजे छप्पर शाकारणारा. आणि सगळ्यात खाली ठळक अक्षरांत: 'जात जगात सगळीकडे होती, बदनाम फक्त आपण.'

मी टर उडवायच्या तयारीतच बसलो होतो. पण एकेक नाव तपासत गेलो आणि यादी बरोबर निघाली. नुसत्या लोहाराचंच बघा: इंग्रज स्मिथ, जर्मन श्मिट, फ्रेंच लफेव्र, इटालियन फेरारी, हंगेरियन कोवाच, पोलिश कोवाल्स्की, रशियन कुझनेत्सॉव. सगळे ऐरण-हातोडावाले. जर्मनीचे चॅन्सेलर घ्या. आडेनाउअर म्हणजे आडेनाउ गावचा, म्हणजे चक्क 'आडेनाउकर'. श्मिट लोहार, कोल कोबीवाला, श्र्योडर शिंपी, आणि शोल्त्स म्हणजे आपला पाटील! शुल्टहाइस म्हणजे मालकाच्या वतीनं गावचा सारा गोळा करणारा, त्याचंच हे आखूड रूप.

आता माझा मुद्दा. धंदा नावाला चिकटला, नाव बापाकडून मुलाला गेलं, मुलाकडून नातवाला. आपण यालाच जात म्हणतो ना? मग ती फक्त आपल्याकडेच होती हे का ऐकून घ्यायचं?

रानजाई

धागाकर्ते, यादी बरोबर आहे, निष्कर्ष उलटा आहे.

एखाद्याला 'स्मिथ' म्हणून हाक कधी मारतील? गावात लोहार एकच असेल तेव्हा. कुंभारवाड्यात कुणाला 'कुंभार' म्हणून हाक मारून बघा, दहा माना वळतील. म्हणजे धंद्याचं नाव ओळखीला उपयोगी पडलं, कारण शेजारी दुसऱ्या धंद्याचे होते आणि भाऊसुद्धा दुसऱ्या धंद्यात असू शकत होता. त्या भावाचं नाव 'हिल' पडलं, कारण तो टेकडीपाशी राहायचा. एकाच घरात दोन आडनावं! ही जात झाली का?

पुढे इंग्लंडात साधारण १४०० पर्यंत बहुतेक घरांची नावं पक्की झाली, गोठली म्हणा. बेकरचा मुलगा विणकर झाला तरी बेकरच राहिला. १३७९ च्या डोईपट्टीच्या (दर माणशी कराच्या) नोंदींत कित्येक ठिकाणी नावापुढे धंदाही लिहिलेला आहे, आणि दोन्ही जुळतातच असं नाही.

तुमच्या यादीतलीच उदाहरणं घेते. थॅचर हे मार्गारेटबाईंच्या नवऱ्याचं आडनाव. माहेरच्या त्या रॉबर्ट्स, वडिलांचं ग्रँथममध्ये किराणा दुकान. मायकल शूमाखरचे वडील गवंडी. हेल्मुट श्मिटचे वडील शिक्षक. कोण शाकारतंय, कोण शिवतंय?

चिमटा

आणि एन्झो फेरारीच्या वडिलांचा मोडेनात धातुकामाचा कारखाना होता. हे मात्र ताईंनी सोयीस्करपणे गाळलं. :)

रानजाई

@चिमटा, शंभर फेरारींत एखादा लोहार निघणारच. बाकीचे नव्व्याण्णव मोजा.

दफ्तरदार

मी अर्धा कट्टेकरींच्या बाजूनं.

रानजाईताईंचं 'नाव गोठलं, माणूस मोकळा झाला' हे ऐकायला छान आहे. पण फ्लोरेन्समध्ये १४२७ साली शहराची कर-मोजणी झाली होती. दोन इटालियन अर्थतज्ज्ञांनी ती २०११ च्या करनोंदींशी आडनावानुसार ताडून पाहिली. सहाशे वर्षांपूर्वी वरच्या पायरीवर असलेली आडनावं आजही वरच सापडली. मध्ये प्लेग येऊन गेले, नेपोलियन येऊन गेला, दोन महायुद्धं झाली. माणूस मोकळा झाला असेल, तिजोरी नाही झाली.

दुसरं, जर्मन मुलखात 'बदनाम धंदे' नावाचा प्रकार होता. फाशी देणारा, मेलेली ढोरं सोलणारा, काही भागांत विणकर आणि गिरणीवालासुद्धा. यांच्या पोरांना कारागीर-संघात प्रवेश नाही, सोयरीक आपसातच. १७३१ साली बादशाही फर्मान काढून बहुतेकांच्या पोरांवरचा हा डाग पुसावा लागला, आणि त्यातूनही ढोर सोलणारे वगळलेच. आता याला काय म्हणाल?

रानजाई

दफ्तरदार, याला मी 'जातीसारखं' म्हणेन. तिथं वाद नाही.

पण फ्लोरेन्सचं उदाहरण तुमच्याच अंगावर येतं. त्या टिकून राहिलेल्या घराण्यांचे पूर्वज कोण होते? वकील, लोकर आणि रेशीम संघांचे सभासद, आणि जोडे बनवणाऱ्यांच्या संघाचेही! चामड्याला हात लावणारा सहाशे वर्षं मानानं वर बसलाय. आपल्याकडचं असं एक उदाहरण द्या, मी धागा सोडून जाते.

आणि बदनाम धंद्यांचं म्हणाल तर पॅरिसचे सरकारी जल्लाद आठवा. सांसाँ घराणं, १६८८ ते १८४७, सहा पिढ्या. सोळाव्या लुईचं डोकं यांच्याच चार्ल्स-आंरीनं उडवलं. शेवटच्यानं कर्जापायी गिलोटिनच गहाण टाकलं, म्हणून नोकरी गेली (गहाण ठेवून घेणाऱ्याची मला फार कमाल वाटते). खरी वंशपरंपरा म्हणावी ती इथं. आणि सांसाँ या नावाचा अर्थ काय? बायबलमधला सॅमसन. जल्लादाचा मागमूस नाही. जिथं धंदा खरोखर रक्तातून चालला तिथं नाव गप्प आहे, आणि जिथं नाव धंदा ओरडून सांगतंय तिथं धंदा केव्हाच सुटलाय. मग आडनावांची यादी कशाचा पुरावा?

सुकेळी

बरेच दिवस नुसता वाचतोय, आज राहवलं नाही. मी वसईचा, आडनाव परेरा. म्हणजे ती यादी ज्या बाजारातून आली त्या बाजारातलं नाव मी अंगावर घालून फिरतो.

परेरा म्हणजे पोर्तुगीजमध्ये नाशपातीचं झाड. तसंच ऑलिव्हेरा ऑलिव्हचं, कार्व्हालो ओकचं. यावरही एक फॉरवर्ड फिरतो, की झाडांची आडनावं म्हणजे बाटवलेले ज्यू. तो चूक आहे. पोर्तुगालात ज्यूंचं सक्तीचं धर्मांतर १४९७ चं, आणि नूनो आल्वारेश परेरा या सेनापतीनं आल्जुबारोताची लढाई मारली १३८५ मध्ये. पुढे चर्चनं त्याला संतही केलं. झाडांची नावं बहुतेक गावांवरून, वाड्यांवरून आलेली. आपली वडगावकर, पिंपळकर आहेत तशी.

आमच्याकडचे रॉड्रिग्ज म्हणजे 'रॉड्रिगोचा', शेवटचा 'एस' मुलगा दाखवतो. पण रॉड्रिगो मुळात पोर्तुगीजही नाही, स्पेन-पोर्तुगालवर राज्य केलेल्या गॉथ टोळ्यांचं जर्मन वळणाचं नाव आहे. 'ह्रोद' म्हणजे कीर्ती आणि 'रिक' म्हणजे सत्ताधीश. हा 'रिक' संस्कृत 'राजन्'चा लांबचा भाऊ. वसईच्या केळीच्या वाडीत गॉथ राजा पाणी सोडतोय, असं मी आमच्या रॉड्रिग्जला सांगितलं तर तो म्हणाला, आधी पंपाचं बिल भर.

आता धाग्याच्या विषयाकडे येतो. वसई पोर्तुगीजांकडे १५३४ साली गेली, चिमाजी आप्पांनी १७३९ मध्ये घेतली. त्या दोनशे वर्षांत आमच्या पूर्वजांना बाप्तिस्म्याच्या वेळी ही नावं मिळाली. कधी धर्मपित्याचं, कधी पाद्रीचं. म्हणजे युरोपातली लोहार-सुतार-पाटील-नाशपाती सगळी सरमिसळ एका झटक्यात आमच्यावर ओतली गेली. कट्टेकरींचं म्हणणं खरं असतं, आडनावातून जात वाहत असती, तर इथं ती पुसली जायला हवी होती.

पुसली गेली का? माझ्या बहिणीच्या लग्नाच्या वेळी स्थळ आलं तेव्हा आडनाव कुणी विचारलं नाही. विचारलं गाव कुठलं, मग कुपारी की वाडवळ की कोळी. परेरा तिन्हीकडे आहेत. गोव्यात जाऊन बघा, बामण, चार्डे, सुदीर, आणि फर्नांडिस सगळ्यांत. बाप्तिस्म्याआधीचं आमचं आडनाव घरात कुणालाही माहीत नाही. जात आजीला पाठ होती.

कट्टेकरी

सुकेळी, यावर माझ्याकडे उत्तर नाही. खरंच नाही. पण मग माझा प्रश्न राहतोच: युरोपात नावावरून माणसाची पायरी ओळखतच नव्हते का?

म्युनिकची आत्या

ओळखत होते ना! पण श्नायडर, म्युलरवरून नाही. इथं ऑफिसात एका श्नायडरला मी 'तुमचे आजोबा शिंपी का हो?' विचारलं, तर तो क्षणभर नुसता बघत राहिला. त्याला ते नाव म्हणून ऐकू येतं, शब्द म्हणून नाही.

पायरी बघायची तर 'फॉन' बघा. बेथोव्हेनचं पूर्ण नाव लुडविग फान बेथोव्हेन. 'फान' हा फ्लेमिश, 'अमुक ठिकाणचा' एवढाच अर्थ, शेतकऱ्याच्या नावातही सापडतो. पण व्हिएन्नात तो जर्मन 'फॉन'सारखा ऐकू यायचा आणि फॉन म्हणजे सरदार-दरकदार. पुतण्याच्या ताब्याचा खटला म्हणूनच सरदारांच्या कोर्टात चालला. १८१८ मध्ये कोर्टानं विचारलं, सरदारकीचा कागद दाखवा. कागद नव्हता. खटला सामान्यांच्या कोर्टात गेला आणि सुरुवातीला निकालही त्यांच्या विरुद्ध लागला.

ऑस्ट्रियानं १९१९ मध्ये हा 'फॉन' कायद्यानंच काढून टाकला. अर्थतज्ज्ञ हायेक जन्मले 'फॉन हायेक' म्हणून. जर्मनीनं त्याच वर्षी किताब बंद केले पण 'फॉन' आडनावाचा भाग म्हणून राहू दिला. म्हणून आमच्या बिल्डिंगच्या बेल-पाट्यांवर अजून एक फॉन आहेत. लिफ्ट बंद पडली की तेही जिनाच चढतात.

दफ्तरदार

आत्या, बरोबर. आणि वरून लादलेल्या नावांचंही विसरू नका. बादशहा दुसऱ्या जोसेफनं १७८७ साली ऑस्ट्रियाच्या राज्यातल्या ज्यूंना जर्मन आडनाव घेण्याची सक्ती केली. नेपल्समध्ये अनुन्झियाताच्या अनाथाश्रमाच्या भिंतीत एक फिरतं चाक होतं, रात्री बाळ ठेवायचं आणि घंटा वाजवायची. ते १८७५ साली बंद झालं. अशा बाळांना मिळायचं नाव एस्पोसितो, म्हणजे 'उघड्यावर टाकलेला'. आज नेपल्समधलं हे अगदी नेहमीचं आडनाव आहे. सांगायचा मुद्दा, नावानं कपाळावर शिक्का मारायची युक्ती त्यांनाही ठाऊक होती.

रानजाई

मान्य. पण एस्पोसितोच्या नातवाचं लग्न फेरारीच्या नातीशी लागलं तर तिथं कुणी गाव गोळा करत नाही. मी तेवढंच म्हणतेय.

चिमटा

अवांतर: रोमन वक्ता सिसेरो, त्याचं हे नाव लॅटिनमधल्या हरभऱ्यावरून आलंय. त्याचा ग्रीक चरित्रकार प्लुटार्क म्हणतो की कुणा पूर्वजाच्या नाकाच्या शेंड्याला हरभऱ्यासारखी खाच होती. घ्या, चणेकर. बसवा आता यादीत.

कट्टेकरी

सुकेळींचा प्रतिसाद, आडनाव गाळून, ग्रुपवर टाकला. मामांनी दोन तासांनी उत्तर दिलं: 'वसईला ओळखीचं कुणी असेल तर राजेळी केळी पाठवायला सांग.'

सुकेळी

पत्ता व्यनि (खाजगी निरोप) करा. डझनाचे पैसे आधी.