पाण्याखालचा कुंभक, म्हणजे श्वास रोखणं, ही साधना मानावी का?

उपवनकाठी:
बारा वर्षं पहाटे ठाण्यात उपवन तलावाकाठी प्राणायाम करतोय. गेल्या जानेवारीत अंदमानात फ्रीडायव्हिंग शिकलो, म्हणजे सिलिंडर न लावता एका श्वासावर खोल जाणं. दहा मीटरवर फुप्फुसांतली हवा दाबली जाऊन निम्मी होते. आणखी थोडं खाली गेलं की पाय मारावे लागत नाहीत, पाणीच खाली नेतं. तेव्हा माझ्या मनात एकही शब्द उरला नव्हता. आसनावर हे कधी साधलं नाही. श्वास-प्रश्वासाची गती थांबणं यालाच पतंजलींनी प्राणायाम म्हटलंय. मग ही साधना का नाही?

वाशीची पोहणारी:
मी पोहायला शिकवते, म्हणून विरोध करतेय. श्वास घ्यावासा वाटतो तो मुख्यतः कार्बन डायऑक्साइड साठल्यामुळे. उतरण्याआधी भराभर श्वास घेतले की तो कमी होतो, इशारा उशिरा येतो आणि त्याआधीच शुद्ध हरपते. त्रास काहीच होत नाही, म्हणून तर भीती. नताल्या मोल्चानोवा फ्रीडायव्हिंगमधली जगज्जेती होती. २०१५ मध्ये स्पेनच्या फोर्मेंतेरा बेटाजवळ शिकवणी घेताना उतरली, ती परत आलीच नाही. गेल्या उन्हाळ्यात 'ध्यान' म्हणून तळाशी एकटाच बसलेला एक मुलगा मी स्वतः बाहेर काढलाय. वाचला. असल्या गोष्टीला साधना म्हणू नका, इथे लिहिलेलं मुलंही वाचतात.

उपवनकाठी:
ताई, एकट्याने कधीच नाही, हे शंभर टक्के मान्य. पण धोका आहे म्हणून साधना नाही, हे पटत नाही. हठयोगप्रदीपिकेत सांगितलंय की सिंह, हत्ती, वाघ जसे हळूहळू वश होतात तसाच वायू. घाई केली तर तो साधकालाच मारतो.

चेंदणीकर:
आमचा आजा खाडीत बुडी मारून अडकलेलं जाळं सोडवायचा. गाळात स्वतःचा हात दिसत नसे. उतरताना पाण्याला हात जोडायचा, पण बुडीला त्याने कधी ध्यान म्हटलं नाही. जाळं सुटलं की वर. मला एवढंच सांगा, तुम्ही किती मीटर गेलात? आणि पुढच्या वेळी?

उपवनकाठी:
अठरा. पुढच्या वेळी वीस व्हावेत असं वाटतंय, खोटं नाही बोलणार. तेवढ्यापुरती ती साधना नाही, हे कबूल. पण त्या काही सेकंदांत आकडाही नव्हता हो.

वाशीची पोहणारी:
सेकंदांचं तुमचं तुम्हाला ठाऊक. वीसच्या आधी सोबती नीट पारखून घ्या. वर आल्यावर निदान तीस सेकंद त्याची नजर तुमच्या चेहऱ्यावरून हलता कामा नये. शुद्ध वर आल्यावरही जाते.