रिव्हरडान्सची रांग: आयरिश नाचाचं शिखर की त्याची कवायत?

लयवेडा

३० एप्रिल १९९४ ला डब्लिनच्या पॉइंट थिएटरात युरोव्हिजन या युरोपीय गाण्यांच्या स्पर्धेच्या मध्यंतरात 'रिव्हरडान्स' नावाचा सातेक मिनिटांचा एक नाच झाला. संगीत बिल व्हेलनचं, गायन अनूना या वृंदाचं, पुढे जीन बटलर आणि मायकेल फ्लॅटली, आणि शेवटी रंगमंचाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत हार्ड शू (कडक टोक-टाचेचे, आवाज करणारे बूट) घातलेल्या नर्तकांची रांग. ९ फेब्रुवारी १९९५ ला त्याच थिएटरात याचा पूर्ण लांबीचा शो लागला आणि तिथून तो जगभर फिरला. रिव्हरडान्समुळे आयरिश नाच वाचला, हे वाक्य तेव्हापासून सगळीकडे ऐकू येतं. मला ते पटत नाही.

आयरिश हार्ड शू नाच ही मुळात ऐकायची गोष्ट आहे. त्यातला 'ट्रेबल' घ्या. पायाचा चवडा पुढे घासून एक आवाज, मागे ओढताना दुसरा, पाय टेकताना तिसरा. हे तीन आवाज सारखे नसतात. पहिला हलका, दुसरा जरा टोकदार, तिसरा भरीव. चांगल्या नर्तकाची ओळख या तिन्हींच्या वजनातल्या फरकावरून पटते. आता शेजारी शेजारी २४ जण उभे करा आणि सगळ्यांना तोच ट्रेबल द्या. वजनातला फरक पुसला जातो, उरतो तो फक्त ठोका. मग तो ठोका स्वच्छ यावा म्हणून स्टेप सोपी करावी लागते. डोळ्यांना ते भव्य दिसतं, पण कानांच्या पदरात कमी पडतं.

अंतराचाही प्रश्न आहे. माणशी ६० सेंटिमीटर धरले तर २४ जणांची रांग १४ मीटरची होते. ड्रमवाला एका बाजूला असेल तर दुसऱ्या टोकाला त्याचा आवाज सुमारे ४० मिलिसेकंद उशिरा पोचतो. वरच्या स्पर्धांमधला रील या नाचप्रकाराचा वेग मिनिटाला ११३ ठोके असतो. हिशोबाला तोच घेतला तर ट्रेबलमधल्या दोन आवाजांत ६५ ते ७० मिलिसेकंदांचं अंतर पडतं. म्हणजे निम्म्याहून जास्त अंतर तिथेच खाल्लं गेलं. नीट बांधलेली नसेल तर अशी रांग खडीचा ट्रक रिकामा केल्यासारखी वाजते.

पडद्यामागे

अंकगणित बरोबर आहे, निष्कर्ष चूक आहे.

एवढ्या मोठ्या रंगमंचावर कोणीही थेट ड्रमवर नाचत नाही. दोन्ही विंगांत आणि पुढच्या कडेला मॉनिटर स्पीकर लावलेले असतात आणि नर्तक सगळ्यात जवळच्या मॉनिटरवर ठोका धरतो. हे अंतर दोन-तीन मीटरचं, म्हणजे १० मिलिसेकंदांच्या आतलं. राहिला प्रेक्षक. मधोमध वीस मीटरवर बसलेल्याला रांगेचा मध्य आणि टोक यांच्या अंतरात जेमतेम सव्वा मीटरचा फरक पडतो, वेळेत तीन-चार मिलिसेकंदांचा. तो कानाला कळत नाही.

रांग फुटते ती वेगळ्याच कारणांनी. एक म्हणजे जमीन. फिरत्या शोला स्वतःची जमीन बरोबर न्यावी लागते: खाली लवचीक पॅड किंवा पट्ट्या, वर प्लायवूड, त्यावर पातळ कठीण थर. नुसत्या काँक्रीटवर आवाज मरतो आणि नडग्याही जातात. बॅलेसाठी अंथरतात तो विनाइलचा जाड थर टाकला तर घसरायची भीती कमी होते, पण ठोका बोथट होतो. दुसरं म्हणजे बुटाच्या टोकाचं आणि टाचेचं फायबरग्लास. रंगवलेल्या गुळगुळीत पृष्ठभागावर ते सरकतं, म्हणून टोक सँडपेपरने खरवडतात किंवा ओलसर करून घेतात. एकाचा पाय सरकला की तो ठोका लवकर टाकून सावरतो आणि शेजारचे दोघे त्याच्या मागे जातात. तिसरं कारण नजर. मान वळवायची नसते, त्यामुळे सरळ रेषा राखायची ती डोळ्याच्या कोपऱ्यातून आणि रंगमंचाच्या पुढच्या कडेला मांडलेल्या अंकांवरून. मध्यापासून दोन्हीकडे १, २, ३ असे अंक असतात आणि प्रत्येकाला आपला अंक पाठ असतो. पाय उचलायची उंचीही रांगेत सगळ्यात कमी जाणाऱ्याच्या मापाने ठरते. याला कवायत म्हणायचं असेल तर म्हणा. वाद्यवृंदातल्या सोळा व्हायोलिनांनाही मग तेच म्हणावं लागेल.

त्रिताल

दोघांनीही संगीताला हात लावलेला नाही, म्हणून लिहितोय.

परंपरेतली तालाची मुख्य मापं थोडीच: रील आणि हॉर्नपाइप चारात, जिग ६/८ मध्ये, स्लिप जिग ९/८ मध्ये. स्टेप आठ बारची (बार म्हणजे त्या मापाचं एक आवर्तन), उजव्या पायाने एकदा आणि तीच डाव्याने पुन्हा. व्हेलनच्या शीर्षक-रचनेत सहाचं आवर्तन आहे. ते कधी ३+३ असं तुटतं, कधी २+२+२ असं. आपल्याकडे ज्याने तबला ऐकलाय त्याला यातली गंमत लगेच कळेल. या मापासाठी पारंपरिक स्टेप तयार नव्हत्याच, त्या नव्याने बांधाव्या लागल्या. व्हेलन त्याआधी बाल्कन लयींवर काम करून आला होता आणि १९८१ च्या युरोव्हिजनच्या मध्यंतरासाठीही त्याने दोनाल लनीबरोबर प्लँक्स्टी या आयरिश बँडसाठी संगीत केलं होतं. वरून टाकलेला हा चमत्कार नव्हता.

आणि रांग म्हणजे अख्खा शो नव्हे. 'ट्रेडिंग टॅप्स'मध्ये आयरिश नर्तक आणि अमेरिकी टॅप नर्तक समोरासमोर येतात. सरळ सवाल-जवाब. एक ताठ, चवड्यांवर, हात बाजूला. दुसरा गुडघे सैल सोडून, वजन खाली टाकून. एकाच प्रकारच्या तुकड्याला दोन वेगवेगळी शरीरं काय करतात ते इथे कानांनी कळतं. लयवेडा यांना हवी ती एकट्याची बोली याच शोमध्ये आहे.

लयवेडा

@पडद्यामागे, मॉनिटरचा मुद्दा मान्य, ४० मिलिसेकंदांचा हिशोब मागे घेतो. व्हायोलिनची उपमा मान्य नाही. व्हायोलिनचा गट कधी एकल वादनाची जागा घेत नाही, कारण संगीतकार त्याला वेगळं काम देतो. इथे एकल नाचाचाच मजकूर २४ पट केलाय.

@त्रिताल, 'ट्रेडिंग टॅप्स' खरंच उत्तम आहे. पण लोकांच्या लक्षात काय राहिलं? त्यानंतर निघालेल्या जवळपास प्रत्येक शोने काय उचललं? रांगच.

घोटा

शरीराबद्दल कोणी बोलत नाहीये. हात बाजूला धरलेले असतात, म्हणजे उडी मारताना हातांचा झोका मिळत नाही आणि वळताना तोल सावरायला हात नसतात. सगळी ताकद मांडी आणि पोटरीतून काढायची. वर, शैली अशी की उतरताना गुडघा शक्य तितका सरळ आणि वजन चवड्यावर. त्यामुळे पायाच्या लांब हाडांना बारीक भेगा, टाचेच्या वरच्या शिरेचा त्रास आणि घोट्याच्या दुखापती हे या नाचाचे ठरलेले आजार आहेत. 'रॉक' नावाच्या हालचालीत दोन्ही घोटे एकमेकांत अडकवून डावीउजवीकडे झुलतात. ती थकलेल्या पायांनी केली की घोटा मुरगळलाच म्हणून समजा.

स्पर्धेतला नर्तक एका फेरीत दीड-दोन मिनिटं नाचतो. शोमध्ये दोन तास, आठवड्यात अनेक प्रयोग, महिनोन् महिने. रांगेत स्टेप सोपी केली जाते यावर लयवेडा यांची हरकत आहे. पण एवढे प्रयोग अंगावर घ्यायचे तर ती सोपी करावीच लागेल. रोज रात्री सगळ्यात अवघड स्टेप केली तर दोन महिन्यांत निम्मी रांग बसून जाईल.

जुनी रील

मूळ धाग्यातला आरोप चुकीच्या पत्त्यावर गेलाय. नाच अरुंद झाला तो १९९४ च्या शंभर वर्षं आधीपासून.

१८९३ मध्ये आयरिश भाषा आणि संस्कृती जपण्यासाठी गेलिक लीग स्थापन झाली. 'खरा' आयरिश नाच कोणता हे ठरवताना लीगने मन्स्टर प्रांताची, म्हणजे केरी, कॉर्क, लिमरिककडची शैली उचलली. ताठ शरीर, उंच उडी, फिरत्या नृत्यशिक्षकांनी घोटवलेली शिस्त. पश्चिमेकडच्या कॉनेमाराचा शॅन-नोस नाच मागे राहिला. त्यात पाय जमिनीलगत, हात मोकळे, स्टेप जागच्या जागी सुचलेली, आणि नाचायला एका दाराएवढी जागा पुरते. लयवेडा यांना हवी असलेली एकट्याची बोली तिथे होती. मग १९३० च्या सुमारास नृत्य आयोग आला, परीक्षा आल्या, शिक्षकांची नोंदणी आली, १९७० पासून जागतिक स्पर्धा आल्या. परीक्षकासमोर गुण मिळवायचे म्हटलं की सगळे एकाच दिशेने जातात. रीलचा वेग वरच्या पातळीवर ११३ पर्यंत आणि हार्ड शूवरच्या ट्रेबल जिगचा ७३ पर्यंत खाली आणला तो स्पर्धेने, संथ ठोक्यात जास्त आवाज कोंबता यावेत म्हणून. फायबरग्लासची टोकंही शोच्या आधीचीच.

हात का बांधलेले यावर ज्या कथा सांगतात (अर्ध्या दरवाजाआडून इंग्रजांना दिसू नये म्हणून, पाद्र्यांच्या धाकाने) त्यांना पुरावा नाही. शिक्षकांची शिस्त आणि पुढे स्पर्धेचे नियम हे कारण पुरेसं आहे.

उलट शोने काही गाठी सोडवल्या. कुरळ्या बटा आणि भरतकामाने जड झालेले पोशाख काढून मुलींना साधे, आखूड, काळे झगे दिले. पाय नीट दिसले.

पडद्यामागे

याला जोडून ध्वनीबद्दल, कारण खरी अडचण तिथे आहे आणि लयवेडा यांनी ती मांडलीच नाही.

मोठ्या सभागृहात पायांचा आवाज आपोआप पोचत नाही. जमिनीलगत चपटे माइक लावतात, मुख्य नर्तकांच्या पायाला वायरलेस माइक बांधतात. जमिनीवरचे माइक आवाज उचलतात तसा मॉनिटरमधला ड्रमही उचलतात. ते वाढवले की शीळ वाजते. कमी केले की वरच्या पट्टीतला 'टक' जातो आणि नुसता 'धप' उरतो. म्हणून अनेक फिरते शो रांगेच्या तुकड्यांत आधी ध्वनिमुद्रित केलेले ठोके खाली मिसळतात. असं मिसळलं की रांगेत एकाचा पाय चुकला तरी प्रेक्षकाला कळत नाही. मला हे आवडत नाही. रांग खरी असेल तर तिची चूकही ऐकू आली पाहिजे.

लयवेडा

हेच तर मी म्हणत होतो, फक्त चुकीच्या हिशोबाने. २४ जणांचे ठोके उचलायला ध्वनिमुद्रण लागतं. एकट्याला एक माइक पुरतो.

@जुनी रील, लीगचा आणि आयोगाचा इतिहास मान्य. पण ज्यांना स्पर्धेबाहेर पडायचं होतं त्यांना बाहेर पडायची वाट म्हणून शो मिळाला, आणि तिथेही पुन्हा रांगच. फ्लॅटलीने ऑक्टोबर १९९५ मध्ये शो सोडला आणि १९९६ मध्ये स्वतःचा काढला, त्यातही रांगच.

जुनी रील

फ्लॅटलीच्या जागी आलेला कॉलिन डन विसरू नका. बर्मिंगहॅमकडचा, नऊ जागतिक किताब घेतलेला, म्हणजे स्पर्धेच्या भट्टीतून पूर्ण तावून निघालेला. त्याने पुढे २००८ मध्ये एकट्याचा 'आउट ऑफ टाइम' केला. पायाला माइक बांधून, जुन्या शॅन-नोस नर्तकांची चित्रफीत समोर ठेवून. जीन बटलरही समकालीन एकल नाचाकडे वळली. तुम्हाला हवा असलेला एकटा माणूस त्याच रांगेतून बाहेर आला, आणि त्याच्यासाठी तिकीट काढणारा प्रेक्षकही त्याच शोने घडवला.

लयवेडा

डनच्या कामाबद्दल वाद नाही. पण तो त्या प्रकाराकडे शो सोडल्यावर गेला, शोमध्ये असताना नाही. तिकडे जायला बाहेर पडावं लागलं, हीच माझी तक्रार आहे.