गुडघ्याला बाशिंग बांधलंय का मी?

तळ्यातमळ्यात
आमचं चार वर्षांचं आहे. लग्न करायचं हे दोघांत पक्कं आहे. बसस्टॉपवर उभ्याउभ्या 'करूया ना?' 'करूया की' एवढंच झालं होतं. पण साखरपुडा नाही, दोन्ही घरी रीतसर सांगणं नाही. त्याचा पीएचडीचा प्रबंध एकदा सादर झाला की सांगू, असं तो म्हणाला. मी हो म्हटलं.

हो म्हटलं आणि त्याच रात्री गूगल शीट उघडली. पहिल्या दिवशी १५ नावं होती, आज १४३ आहेत. रकाने तीन: 'हवेतच', 'आले तर बरं', 'नाइलाज'. ६१व्या ओळीत त्याचे एक काका आहेत, त्यांचं नाव मला माहीत नाही म्हणून 'टक्कलवाले काका (हसरे)' असं लिहिलंय. कंसाची गरज होती, कारण दुसरेही एक टक्कलवाले आहेत आणि ते हसत नाहीत.

इथवर ठीक होतं. गेल्या आठवड्यात ऑफिसच्या एका कार्यक्रमाला हॉलवर गेले होते. निघताना तिथल्या मॅनेजरला लग्नाच्या तारखांचं सहज विचारलं. आम्हाला सोयीच्या महिन्यात एकच शनिवार रिकामा होता. तो म्हणाला, "शुक्रवारपर्यंत धरून ठेवतो, नाव काय लिहू?" मी माझं नाव सांगितलं. "आणि त्यांचं?" म्हणाला तेव्हा मला एकदम चोरी पकडल्यासारखं झालं. "नंतर सांगते" म्हणून सटकले.

आता मोबाइलवर लग्नाच्या कपड्यांच्या जाहिराती येतात. तो शेजारी बसला की मी फोन पालथा ठेवते. आज मंगळवार. अ‍ॅडव्हान्स भरून टाकू की हे सगळं बाजारात तुरी आहे?

ताकफुंकी
भरू नकोस. मी भरला होता. आमचं काही मोडलं नाही, लग्न झालं, सुखात आहोत. पण ती तारीख नेमकी नणंदेच्या शेवटच्या वर्षाच्या परीक्षेत आली. आम्हाला कसं कळणार, विचारलंच नव्हतं कुणाला. अ‍ॅडव्हान्स एकूण रकमेचा चौथा हिस्सा होता, तो बुडाला.

पैशाचं दुःख महिनाभर राहिलं. सासूबाईंचं वाक्य अजून आहे: "तुमचं ठरलंच होतं, आम्हाला नुसतं कळवायला आलात." त्या रागावून नाही बोलल्या, म्हणून जास्त लागलं. आजही घरात कशाची तारीख ठरवायची म्हटलं की मी सगळ्यांत शेवटी बोलते.

काउंटरपलीकडची
मी हॉलच्या बुकिंगलाच बसते, म्हणून थोडं कामाचं सांगते.

तुझ्या मॅनेजरने केलंय ते 'होल्ड'. ते फुकट असतं आणि तोंडी असेल तर त्याला काडीची किंमत नसते. दुसरा कुणी पैसे घेऊन उभा राहिला की मालक आम्हाला विचारतो, "यांचं काही आलंय का?" काही आलेलं नसतं. त्यामुळे निदान एक मेसेज लिहून घे: तारीख, वेळ, कधीपर्यंत धरलीय. होल्ड वाढवून मागायला लाजू नकोस, रोज मागतात लोक.

पैसे द्यायची वेळ आलीच तर आधी हे विचार: रद्द केलं तर किती दिवस आधी किती परत मिळतात, आणि तारीख बदलली तर भरलेली रक्कम पुढच्या तारखेला धरतात का. दुसरं जास्त महत्त्वाचं. परत द्यायला मालक कुरकुरतो, पुढे सरकवायला बहुतेक वेळा तयार होतो. पण तोंडी नको, पावतीवर. आणि पावती कुणाच्या नावावर हेही बघ, कारण परतीचे पैसे त्याच नावाला जातात. यावरून भांडणारी कुटुंबं मी काउंटरवर पाहिली आहेत.

यादी करतेस ते मात्र वेडेपणाचं अजिबात नाही. आमच्याकडे येणारे निम्मे लोक आकडाच सांगू शकत नाहीत. "दोनशे... तीनशे धरा." अहो, हॉल लहान की मोठा, जेवणाचा माणशी दर, किमान किती माणसांचे पैसे भरावेच लागतील, सगळं त्या आकड्यावर ठरतं. तो 'नाइलाज' रकाना सोन्यासारखा जप. खर्च तिथेच वाढतो.

उगाचच
चार वर्षं झाली ना? मग त्यालाच विचार की, इथे काय विचारतेस.

शीटमधला_नवरा
मी पलीकडच्या बाजूने सांगतो. आमच्या घरच्या सामाईक लॅपटॉपवर मला अशीच शीट सापडली होती. तेव्हा मी स्वतःच रीतसर मागणी घालायची जुळवाजुळव करत होतो, अंगठीचं माप कसं काढावं या विवंचनेत. यादी बघून राग आला नाही, बरंच वाटलं. माझ्या नावडत्या चुलतभावाला तिने न सांगता 'नाइलाज'सारख्याच रकान्यात टाकलं होतं.

खटकलं ते दुसरंच. कामांची वेगळी यादी होती. फोटोग्राफर, पत्रिका, गाड्या... आणि चौदाव्या ओळीत 'त्याला सांगणे'. फोटोग्राफर दुसरा होता. मी चौदावा.

तळ्यातमळ्यात
@शीटमधला_नवरा, तुमचं वाचलं आणि मुकाट्याने माझी कामांची यादी उघडली. २२ ओळी. 'त्याला सांगणे' नाहीच.

@काउंटरपलीकडची, मॅनेजरला मेसेज केला, होल्ड आणखी दहा दिवस वाढवून लिहून दिला. रद्द करण्याच्या अटी पाठवा म्हटलं तर आधी "ताई, एवढ्यात कशाला रद्द?" म्हणाला, मग पाठवल्या. अ‍ॅडव्हान्स भरलेला नाही.

तळ्यातमळ्यात
काल रात्री त्याला दाखवली. आधी हॉलचं सांगितलं, कारण तेच जड होतं. तो काही वेळ गप्प बसला. मग म्हणाला की तारखेबद्दल त्याच्या आईशी बोलल्याशिवाय नको, आणि आईशी बोलायला प्रबंधाची वाट बघायची खरं तर गरज नाही, तोच टाळत होता. या रविवारी त्याच्याकडे, पुढच्या रविवारी आमच्याकडे. शनिवार हातचा गेला तर गेला.

मग शीट त्याने स्वतःकडे ओढली आणि तासभर सोडली नाही. १४३चे १६० झाले. ६१व्या ओळीतल्या काकांचं नाव आता कळलंय. ते 'हवेतच'मध्ये गेलेत. न हसणारे 'नाइलाज'मध्ये होते ते तिथेच आहेत, पण तो म्हणतो की तेच खरे गमतीदार आहेत, मला अजून कळलेलं नाही.