मदत हवी आहे: मिश्र कळपासाठी नवा म्होरक्या कसा तयार करावा?

आमच्याकडे 40 मेंढ्या आणि 12 शेळ्या एकाच कळपात चरतात. सर्वांत पुढे चालणारी वयस्क शेळी दगावल्यापासून कळप संध्याकाळी वाड्यात शिरेनासा झाला आहे. पहिली मेंढी फाटकाशी थबकते, मान खाली घालून उंबऱ्यावरची सावली हुंगते, मागे सरते आणि तिच्यामागोमाग सगळ्या मेंढ्या वळतात. शेळ्या तोवर झुडपांचा पाला ओरबाडत पांगलेल्या असतात.

मागून हाकलून पाहिले, पण त्यामुळे मेंढ्या एकमेकींना अधिकच चिकटून उभ्या राहतात, कारण घाबरल्यावर कळपात घुसणे हाच त्यांचा स्वभाव आहे. आत दिवा लावल्याने थोडा फरक पडला. खुराकाची बादली दाखवली की शेळ्या धावतात, मात्र त्यांच्या खनिज मिश्रणातील तांबे मेंढ्यांना विषारी ठरू शकत असल्याने तो खुराक दोघींपुढे ठेवता येत नाही. खूर व डोळे तपासून घेतले आहेत, त्यांत दोष नाही. राखणीला कुत्रा नाही आणि वाड्याची जागा बदलणे शक्य नाही.

हाताने वाढवलेली मेंढी माणसामागे निमूट येते, तर शेळी धीट असून अनोळखी जागेत आधी शिरते, म्हणून निवड करणे अवघड जात आहे. ज्यांनी असा म्होरक्या प्रत्यक्ष तयार केला आहे, त्यांनी कृपया सांगावे: खच्ची केलेला बोकड निवडावा की माणसाळलेली मेंढी, शिकवण कोणत्या वयात सुरू करावी, आणि बाकीच्या मेंढ्या त्याच्यामागे चालू लागण्यासाठी सुरुवातीला त्याला कळपातच ठेवावे की वेगळे?